हुकमी जाळं

विठ्ठलरावांचा कापूस माझ्या बोटांत आवाज न करता तुटला, आणि पुढची गाडी बोलवायची सोडून मी तसाच उभा राहिलो. चांगला कापूस तुटताना बोलतो. पुंजका दोन्ही हातांच्या चिमटीत धरून ताणला की तुरीची वाळकी शेंग तडकावी तसा, पण त्याहून फार बारीक आवाज होतो. हायवेवरून हैदराबादचे ट्रक जात असोत, रांगेतले बैल घंटा वाजवत असोत, गाडीवाले नंबरावरून एकमेकांच्या खानदानाचा उद्धार करत असोत, मला तो आवाज ऐकू येतो. हा कापूस नुसता सुटला. ट्रॉलीत मी पुन्हा कोपरापर्यंत हात घातला, तळाचा पुंजका उपसून काढला, ताणला. तेच. रंग पिवळट, वास बंद खोलीचा. सरकी दाताखाली धरली तर ती मात्र कट्कन फुटली. म्हणजे माल कोरडा होता, ओलीनं बिघडलेला नव्हता. तो नुसता म्हातारा झाला होता.

मी ग्रेडर आहे, वामन ग्रेडर. पांढरकवड्याच्या कापूस खरेदी केंद्रावर आलेला माल कोणत्या प्रतीचा हे सांगायचं आणि पुढच्या गाडीकडे जायचं, एवढंच माझं काम, आणि ते जिल्ह्यात माझ्याइतकं चांगलं कोणी करत नाही. हे मी नम्रपणा बाजूला ठेवून सांगतो. नम्र ग्रेडरला इथं लोक आठवडाभरात चाकाखाली घालतील. वर दुधासारखा माल आणि तळाशी कवडी, म्हणजे किडका, डागाळलेला कापूस, ही युक्ती माझ्या आधीच्या माणसाबरोबर चालायची. मी हात खालून घालतो. घातला की निकाल लागला, मग कोणी पाया पडो की कोणी पुढाऱ्याची चिठ्ठी आणो. मला विचार करावा लागत नाही, माझी बोटं तो परस्पर उरकतात. त्या वर्षांत आमच्या भागाचं नाव दिल्लीपर्यंत गेलं होतं, पण चांगल्या कारणानं नव्हे. कॅमेरे घेऊन माणसं यायची, रांगेतला एखादा उदास चेहरा शोधून त्याचा फोटो काढायची, आणि मला विचारायची की या लोकांकडे बघून तुम्हाला काय वाटतं. मी म्हणायचो, मी लोकांकडे बघत नाही, कापसाकडे बघतो. ते कधी छापून आलं नाही.

विठ्ठलराव उदास चेहऱ्यांतले नव्हेत. पाटणबोरीकडचे, घरचा ट्रॅक्टर, विहिरीला बारमाही पाणी, मुलगा नागपूरला वकील. मागच्या हंगामात ते रुमालात मूठभर कापूस बांधून मला दाखवायला आले होते. माणसांची तोंडं मी विसरतो, कापूस विसरत नाही, आणि तो कापूस तर मी जन्मात विसरणार नाही. लांब, रेशमी, ताणला तर बोटांशी भांडणारा. मी म्हणालो होतो, विठ्ठलराव, उद्याच ट्रॉली भरा. ते हसले, रुमालाची गाठ मारली आणि गेले, ते आज उगवले. आणि आज ट्रॉलीत जे होतं ते त्याच मालाचं मढं होतं.

"तोच ना हा?" मी विचारलं.

"तोच," विठ्ठलराव म्हणाले. "असा एकडावच आलता, साहेब. माडीवरच्या खोलीत भरून ठेवला. रोज दार उघडून पाहो अन् म्हणो, आज नाही, थोडं थांबू. भाव चढीन."

"मधे चढला होता की."

"चढलता. मंग वाटलं, आखीन चढीन." त्यांनी ट्रॉलीतला चिमूटभर कापूस उचलला आणि माझ्यासारखाच ताणून पाहिला. "काहून थांबलो, ते आता मलेच समजून नाही राह्यलं. पोरगं तिकडं, आमची मंडळी गेली मागच्या पोळ्याले. दार उघडलं का खोली भरेल दिसे, बस. तुम्ही लावा जे लागते ते. मी काही म्हणत नाही."

मी शेवटची प्रत सांगितली. त्यांनी मान हलवली आणि ट्रॅक्टर वजनकाट्याकडे वळवला. मी पुढच्या गाडीत हात घातला, तिच्याही पुढच्या गाडीत घातला, निकाल दिले, बरोबरच दिले असणार. पण कान कुठंतरी दुसरीकडे लागले होते. खोली भरेल दिसे. हे वाक्य कापसाचं नव्हतं, आणि ते माझ्या ओळखीचं का वाटावं हे मला समजेना. मग मी कधी करत नाही ती गोष्ट केली. रांग उभी असताना जेवणाची सुट्टी सांगितली आणि जिनिंगच्या मागे, सरकी काढलेल्या रुईच्या गठाणी रचून ठेवतात तिथं, उन्हात जाऊन बसलो. पिशवीतून डबा काढला आणि डब्याच्या खालून ती दुसरी डबी काढली.

ही दुसरी डबी म्हणजे हातात धरून खेळायचा खेळ. शीलाचा भाऊ क्षितिज परदेशातून आला तेव्हा भाचीसाठी घेऊन आला होता, आणि आमची आभा तेव्हा बारावीत होती. बारावीतल्या मुलीला खेळ आणून देणारा मामा आणि घरात शिरलेला साप यांत मी फार फरक करत नाही. मी डबी जप्त केली. जप्त केलेला माल तपासायचा असतो म्हणून रविवारी दुपारी अंगणात बसून तपासला. तिच्या पडद्याला स्वतःचा उजेड नाही, ऊन खांद्यावरून नेमकं पडलं तरच दिसतं. दिसलं ते असं. एक पोरगं रानावनातून हिंडतं, गवतातून तऱ्हेतऱ्हेचे प्राणी निघतात, त्यांना दमवायचं आणि जाळं टाकून धरायचं. जाळं टाकलं की प्राणी आत धडपडतो, जाळं हलतं, आणि कधी तो राहतो, कधी जाळं फाडून जातो. सगळे प्राणी धरले की खेळ संपला. संध्याकाळी आभा भीत भीत बघायला आली तेव्हा मी तिला विचारलं, हा पाण्यातला मेला का येत नाही हाताशी. तिनं माझ्याकडे असं बघितलं की त्या दिवसापासून जप्ती उठली. बारावीला तिला चांगले गुण पडले, हे क्षितिज अजून मला ऐकवतो.

प्राण्यांची नावं परदेशी होती, जिभेवर बसायची नाहीत. आभानं सगळ्यांचं बारसं केलं. गोटीराम, भुईफोड्या, खविस. आणि एक होता निळसर, मानेवर आयाळ, अंगानं रोह्यासारखा. आमच्या रानातला रोही म्हणजे नीलगाय. शेतात शिरला की उभं पीक तुडवतो आणि माणूस काठी घेऊन पोचेपर्यंत दुसऱ्याच्या शेतात असतो. हाही तसाच. त्याचं ठिकाण ठरलेलं नाही, कुठल्याही गवतात भेटणार, आणि भेटला की पहिल्या फटक्याला पळणार. दमवायला वेळच देत नाही. तिनं त्याचं नाव रोही ठेवलं.

आणि एक होतं हुकमी जाळं. सगळ्या खेळात एकच मिळतं. एक म्हातारा कारखानदार असतो, त्याला गुंडांपासून वाचवलं की तो देतो. हे जाळं चुकत नाही. त्यात पडलेला प्राणी सुटत नाही, दमलेला असो, ताजा असो, डोंगराएवढा असो. एकदा टाकलं की संपलं, दुसरं कुठल्याही दुकानात नाही. आभाला ते मिळालं त्या दिवशी तिनं मला केंद्रावरून आल्या आल्या बूटही काढू दिले नाहीत. आम्ही दोघांनी पडद्यावर ते चित्र बघितलं, जांभळं, मध्ये चांदणी असलेलं, आणि खेळातल्या पोरग्याच्या पिशवीत परत ठेवलं. मग पहाडातला अग्निपक्षी आला. टाकू का, बाबा? मी म्हणालो, पुढे याहून भारी निघेल. तळ्यातला राक्षस आला. पुढे याहून भारी निघेल. ते दोन्ही तिनं साध्या जाळ्यांनीच धरले, जाळ्यांमागे जाळी घालून, हात दुखेपर्यंत. शेवटी गुहेतला तो झोपाळू अजगर आला, ज्याच्याहून भारी काही नाही असं खुद्द खेळच सांगतो. तो मी धरला. हुकमी न वापरता. पळत नाही त्याच्यावर हुकमी कशाला वाया घालवायचं? जो जागचा हलत नाही त्याला चिकाटी पुरते. हुकमी वस्तू सगळ्यांत मोठ्यासाठी नसते, सगळ्यांत चंचल असेल त्याच्यासाठी असते. हा सिद्धांत माझा, आणि तो आजही मला बिनतोड वाटतो. फक्त त्याप्रमाणे पाहिलं तर हुकमी जाळं रोह्यावरच टाकायला हवं होतं, आणि रोही मला त्यानंतर कितीदा भेटला याची गणती नाही.

आभा इचलकरंजीला शिकायला गेली, कापडगिरण्यांचं इंजिनिअरिंग. कापसातली मुलगी कापसातच गेली म्हणून मी केंद्रावर पेढे वाटले होते. जाताना तिनं डबी माझ्या हातात दिली. तिथं अभ्यास असतो, म्हणाली, तुम्हीच खेळा. अजगर गेला की रोही तेवढा राहील. हुकमी तुम्हीच टाका, तुमचा हात चुकत नाही. कधी टाकायचं तेही तुम्हीच ठरवा. आणि मग दर रविवारी दुपारी घरचा फोन वाजायचा. शीला तिला जेवणाचं विचारायची, केसांचं विचारायची, खोलीतल्या मुलींचं विचारायची, आणि तिकडून हो, नाही, ठीक आहे एवढंच यायचं. मग फोन माझ्याकडे यायचा आणि आभाचा आवाज मोकळा व्हायचा. "टाकलं का?" हे तिचं पहिलं वाक्य. "अजून नाही," हे माझं. मग कुठल्या गवतात भेटला, काय केलं, झोपेची पूड फेकून बघितली का, वाट अडवणारा प्राणी पुढे घालून बघितला का. बोलत राहायचो. तिसऱ्या वर्षाला तिचे फोन आखडत गेले, चौथ्या वर्षात तर ती थोडक्यात उरकायची, पण "टाकलं का?" राहिलं. मी अंगणात खुर्ची टाकून त्या प्रश्नाची आठवडाभर तयारी करायचो. वर्गातली चुणचुणीत पोरं करतात तशी.

आता गठाणीवर बसून भाकरीचा तुकडा मोडताना मला शीलाचं बोलणं आठवलं. शीला शाळेत गणित शिकवते आणि घरात फार कमी बोलते, त्यामुळे तिचं एखादं वाक्य दिवसेंदिवस घरात पडून राहतं. दिवाळीत आभा येऊन गेली. त्या वेळी ती गप्प गप्प होती. मी अंगणात बसून कापसाचे नमुने ताणत होतो, माझी ती करमणूक आहे, आणि ती पायरीवर बसून माझ्या हातांकडे बघत होती. मी म्हणालो, चल, दोघं मिळून रोही हुडकू. ती म्हणाली, तुम्हाला टाकायचं असेल तर हुडकू. मी म्हणालो, घाई काय आहे. ती आत गेली. तिला एसटीत बसवून आल्यावर शीला पातेली घासता घासता म्हणाली, "काहो, ती पोर इतक्या वेळा विचारते अन् तुम्ही इतक्या वेळा नाही म्हणता. तुम्हाला ते जनावर धरून ठेवायचंय की आभाला?" मी तिच्यावर डाफरलो. खेळातलं तुला काय कळतं, म्हणालो. तिनं नळ सोडला आणि पातेलं खळबळलं.

डाफरायचं कारण मला आता नीट कळत होतं, आणि मी ते कबूल करतो कारण चुकीचा निकाल बदलायला मी कधी लाजत नाही. रोही राहिला होता तेवढाच. तो धरला की खेळ संपणार. खेळ संपला की रविवारी दुपारी फोन वाजणार, शीला जेवणाचं विचारणार, मग फोन माझ्या हातात येणार, आणि मी काय विचारणार? माझ्याकडे विचारायला काही नव्हतं. माझ्या मुलीला इचलकरंजीचा पाऊस आवडतो की नाही, तिला कोणी मित्र आहे का, ती रात्री झोपते का, यातलं मला काहीच माहीत नव्हतं, आणि हे सगळं विचारायचं कसं असतं तेही माहीत नव्हतं. मला एकच वाट ठाऊक होती, गवतातून रोह्याकडे जाणारी. ती मी जपून ठेवली होती. दर आठवड्याला दार उघडून बघत होतो. खोली भरलेली दिसत होती.

आमच्या घराण्यातच ही खोड असावी. माझे वडील पोस्टमास्तर, दिवाळीला आम्हा भावंडांना मोजके फटाके आणायचे आणि त्यात एकच बाण. तो कधीही दिवाळीत उडवायचा नाही. सगळ्यांचे संपल्यावर आपला उडाला पाहिजे, आळीनं बघितलं पाहिजे, म्हणून तुळशीच्या लग्नापर्यंत पोस्टाच्या पिशवीत ठेवायचे. एका वर्षी तुळशीचं लग्न लागलं, सगळी आळी अंगणात जमली, वडिलांनी बाण बाटलीत उभा केला आणि उदबत्ती लावली. तो फुर्र करून बाटलीतच बसला. वडील म्हणाले, माल वाईट होता. माल वाईट नव्हता, मी वाकून वास घेतला होता, दारू सादळली होती. मी तेव्हा चड्डीतला पोरगा, पण मला माल कळत होता. त्या दिवशी मी मनाशी म्हणालो की मी असं कधी करणार नाही, आणि केंद्रावर मी ते पाळलंही. गाडी उभी राहिली की निकाल. लोक म्हणतात, गिरेडर साहेबाचा हात म्हंजे तलवार. तलवार घरी मात्र म्यानात होती आणि गंजत होती, हे लोकांना माहीत नव्हतं.

ऊन खांद्यावरून बरोबर पडलं होतं. मी डबी उघडली आणि पोरग्याला गवतात चालवायला लागलो. भुईफोड्या निघाला, सोडून दिला. गोटीराम निघाला, सोडून दिला. जिनिंगचं यंत्र भिंतीपलीकडे घरघरत होतं, हवेत रुईचे तंतू तरंगत होते, एक पडद्यावर येऊन बसला, मी फुंकर मारली. मनात आलं की आज रोही भेटला नाही तर बरं. लगेच स्वतःची लाज वाटली. मी विठ्ठलरावांना शेवटची प्रत लावून आलो होतो. त्यांनी हूं की चूं केलं नव्हतं. ज्या कारणानं मी त्यांचा माल खाली टाकला ते कारण माझ्या पिशवीत डब्याखाली ठेवून मी उद्या कुठल्या तोंडानं गाडीत हात घालणार होतो? मी पोरग्याला तळ्याच्या काठानं नेलं, परत आणलं, परत नेलं. पडदा लखलखला.

रोही होता. निळा, ताजा, आयाळ उडवत. दर वेळी मी अशा वेळी साधं जाळं टाकतो, ते फाटतं, तो पळतो, आणि मी सुटकेचा श्वास टाकतो. हो, सुटकेचाच. तो श्वास मी आजवर निराशेचा समजत होतो. मी पोरग्याची पिशवी उघडली. जांभळं, चांदणी असलेलं. खेळ एकदा विचारतो, नक्की का? माझा डावा हात खिशात गेला, त्यात विठ्ठलरावांच्या कापसाचा पुंजका अजून तसाच होता, टाकायचा राहून गेलेला. मी अंगठ्यानं तो चुरगाळला आणि उजव्या अंगठ्यानं होय दाबलं.

जाळं गेलं. धडपड झाली नाही, हललंसुद्धा नाही. रोही आत गेला आणि जाळं जमिनीवर शांत पडलं, जसं काही तो येणारच होता. मग वाजंत्री वाजली, खेळ संपल्याची पाटी आली, ज्यांनी खेळ बनवला त्यांची नावं खालून वर सरकू लागली. आता फार वाईट वाटेल अशी माझी समजूत होती. तसं झालं नाही. अंगावरून कापसाचं ओझं उतरावं तसं वाटलं, आणि त्याच्या पाठोपाठ एक धास्ती. आज रविवार नव्हता. पण रविवारपर्यंत थांबायचं म्हणजे पुन्हा तेच झालं असतं. मी डबा अर्धाच बांधला आणि फाटकासमोरच्या बाबुलालच्या एसटीडीवर गेलो. बाबुलालनं माझ्याकडे आणि मग रांगेकडे बघितलं. केंद्रावर गाड्या उभ्या असताना मला फोन करताना त्यानं कधी पाहिलं नव्हतं. घरी कोणाले काही झालं का, साहेब, असं त्यानं विचारलं. मी नाही म्हणालो आणि काचेचं दार ओढून घेतलं.

आभाच्या मोबाइलवर घंटी गेली. तिनं उचलला तो घाबरूनच, बाबा काय झालं, आई बरी आहे ना. मी म्हणालो, सगळे बरे आहेत. मग मी म्हणालो, टाकलं.

बाबुलालच्या मीटरचे आकडे पळत होते.

"हुकमी?" ती म्हणाली.

"हुकमी. रोह्यावर. तळ्याकाठी भेटला. हललासुद्धा नाही."

ती हसेल असं मला वाटलं होतं, निदान ओरडेल. ती रडत होती. मी म्हणालो, तुला विचारून टाकायला हवं होतं का, अगं तूच म्हणाली होतीस. ती म्हणाली, नाही, नाही, तसं नाही. मग तिनं नाक ओढलं आणि भरभर बोलायला लागली, मधे थांबली तर पुन्हा जमणार नाही अशा घाईनं. दसऱ्याच्या आधी कॉलेजात कंपन्या आल्या होत्या. तिला कोइमतूरच्या एका सूतगिरणीनं घेतलं होतं, प्रयोगशाळेत. तिनं होकार देऊन टाकला होता. दिवाळीला सांगायचं म्हणून घरी आली आणि न सांगता परत गेली. रोज ठरवायची, उद्या सांगू, योग्य वेळ बघून सांगू. शेवटी मनाशी एक खूण बांधली होती, की बाबा हुकमी टाकतील त्या दिवशी सांगायचं. म्हणून ती अलीकडे दर रविवारी विचारत होती, टाकलं का.

"कोइमतूर लांब आहे म्हणून रडतेस?" मी विचारलं. माझा आवाज बरा होता. मला त्याचं आश्चर्य वाटलं.

"लांब आहे म्हणून नाही. काम काय आहे ते ऐका नं आधी." ती म्हणाली. "तिथं यंत्र आहे, बाबा. मूठभर कापूस त्यात ठेवायचा. लांबी, ताकद, रंग, सगळं आपोआप कागदावर येतं. बोटं लावावी लागत नाहीत. गिरणीवाले म्हणतात, चार-पाच वर्षांत सगळीकडे हेच येणार, तुमच्या केंद्रावरही. ते यंत्र मी चालवणार आहे. दिवाळीत तुम्ही पायरीसमोर बसून नमुने ताणत होता, अन् मला तुमचा अंगठा दिसत होता. मी कसं सांगणार होते?"

मी काचेतून बाहेर बघितलं. रांग हायवेपर्यंत गेली होती. माझा अंगठा मी बघितला. नखाच्या कडेला रुई चिकटलेली होती, वर्षानुवर्षं ताणून ताणून तिथली कातडी गुळगुळीत झालेली. खोटं कशाला सांगू, छातीत कळ आली. ती आली, काही क्षण राहिली, आणि मी ती राहू दिली. जी गोष्ट चार-पाच वर्षांत येणारच ती खोलीत कोंडून ठेवता येत नाही. आणि ती कोणाच्या तरी हातून येणार असेल तर माझ्या मुलीच्या हातून आलेली मला चालेल. चालेल काय, आवडेल. हे मी तिला तसंच्या तसं सांगितलं. असं बोलायला मला येतं हे मला माहीत नव्हतं.

मग माझ्यातला ग्रेडर जागा झाला. "ते यंत्र," मी विचारलं, "हात खालून घालतं का?"

ती मग रडता रडता हसली, लहानपणी हसायची तशी. "नाही हो, बाबा. आपण जे वर ठेवू तेवढंच बघतं."

"मग नमुना तू काढत जा. दुसऱ्या कोणाला काढू देऊ नको. बाही वर करायची, अन् कोपरापर्यंत हात घालून तळातला काढायचा. पुढचं यंत्राला करू दे."

"बरं," ती म्हणाली. मग जरा वेळानं, "आता रविवारी काय बोलायचं आपण?"

मी म्हणालो, ते रविवारी बघू, पण आज तुझं जेवण झालं का ते सांग. हा प्रश्न शीलाचा होता, मी पहिल्यांदाच विचारत होतो. झालं नव्हतं. मेसमध्ये वांग्याची भाजी होती आणि तिला वांगं आवडत नव्हतं. अठरा वर्षं माझ्या घरात वाढलेल्या मुलीला वांगं आवडत नाही ही बातमी मी बाबुलालच्या एसटीडीवर उभं राहून ऐकली. आम्ही वांग्यावर बराच वेळ बोललो. बाबुलालनं काचेवर टकटक केलं तेव्हा मी फोन ठेवला, त्याला पैसे दिले आणि फाटकातून आत गेलो. गाडीवाले कुरकुरत होते, एक म्हणाला, साहेब आज हारपले होते वाटते. खिशातला विठ्ठलरावांचा पुंजका रस्त्याच्या कडेला टाकला, बाही वर केली, आणि पुढच्या गाडीत हात घातला, खालून.